हर्णै बंदरावरच्या (जि. रत्नागिरी) मासळी लिलावाचं निरीक्षणात्मक चित्रीकरण कसं करावं

निरीक्षणात्मक चित्रीकरण म्हणजे जे घडतं ते मध्ये न पडता टिपणं. म्हणून पहिले तीन-चार दिवस कॅमेरा पिशवीतच ठेवा. टोपल्या कोण उतरवतं, बोली कोण लावतं, हिशेब कुठे होतो, हे नुसतं पाहा. परवानगीही तेव्हाच मागा. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते, तेव्हा जाळ्यांची दुरुस्ती टिपा.

सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. म्हणजे आपल्याकडच्या ५० हर्ट्झच्या विजेवर चालणाऱ्या दिव्यांखाली चित्र लुकलुकत नाही. उन्हात शटर न वाढवता एनडी फिल्टर, म्हणजे प्रकाश कमी करणारी काच, लावा. झूम लावून लांब उभे राहिलात, तर माणसं तुम्हाला सरावतच नाहीत. ३५ मिमी लेन्स घ्या आणि जवळ जा.

खरी फजिती आवाजात होते. वाऱ्याची घरघर नंतर नीट काढता येत नाही, म्हणून माइकला केसाळ आवरण हवंच. बोली संपली तरी रेकॉर्डिंग दोन मिनिटं चालू ठेवा. संकलनातले सांधे त्या मागच्या आवाजानेच बुजतात.

एसी खोलीतून थेट बंदरावर आलात तर लेन्सवर बाष्प धरतं. बॅग न उघडता अर्धा तास थांबा. कुणालाही ‘परत एकदा करा’ म्हणू नका, अगदी मोह झाला तरी. रात्री ट्रायपॉडचे पाय गोड्या पाण्याच्या ओल्या फडक्याने पुसा, नाहीतर मिठाने खटके अडकतात.