गृहकर्जाचा हप्ता पुढे ढकलताय? या चुका टाळा

नोकरी गेली, आजारपण आलं किंवा धंद्यातली येणी अडकली की पहिली धास्ती असते ती घराच्या हप्त्याची. अशा वेळी काही बँका काही महिने हप्ता थांबवायची किंवा कमी करायची सोय देतात. ती मागण्यात कमीपणा अजिबात नाही. मात्र घाबरलेल्या मनाने, अटी न वाचता ती घेतली की त्याचा फटका पुढे कित्येक वर्षं बसत राहतो.

सगळ्यात महाग पडणारी चूक म्हणजे हप्ता थांबला की व्याजही थांबलं, असं धरून चालणं. हप्ता पुढे ढकलणं म्हणजे माफी नव्हे. समजा 30 लाखांचं कर्ज बाकी आहे, व्याजदर 9 टक्के आहे आणि 15 वर्षं उरली आहेत. हप्ता येतो साधारण 30,428. त्यातले 22,500 पहिल्या महिन्यात नुसत्या व्याजातच जातात. तीन हप्ते भरले नाहीत, तर ते व्याज मुद्दलात मिसळतं आणि बाकी 30 लाख 68 हजारांवर जाते. आता हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली, तर कर्ज फिटायला ठरल्यापेक्षा जवळजवळ वर्षभर जास्त लागतं. तीन हप्ते टाळले आणि शेवटी बारा वाढले! टाळलेले तीन वजा केले, तरी जादा गेले सुमारे 2 लाख 70 हजार. तेच मुदत आहे तेवढीच ठेवून हप्ता साडेनऊशेच्या आसपास वाढवून घेतला, तर जादा भार 75 हजारांच्या घरात राहतो.

म्हणून अर्ज करण्याआधीच विचारा: थांबवलेली रक्कम नेमकी कशी वसूल होणार? मुदत वाढणार, हप्ता वाढणार की सवलत संपल्यावर सगळी रक्कम एकदम मागणार? हा तिसरा प्रकार फार घातक. हातात पैसा नाही म्हणून सवलत घेतलेल्या माणसाकडे तीन महिन्यांनी चार हप्ते एकदम कुठून येणार? तशी अट असेल तर सही करू नका, दुसरा पर्याय मागा.

पूर्ण हप्ता झेपत नसेल, पण थोडी रक्कम निघत असेल, तर निदान व्याजापुरते पैसे भरायची परवानगी मागा. वरच्या उदाहरणात महिना 22,500 भरले तरी मुद्दल जागच्या जागी राहतं. माझ्या मते जमत असेल तर हाच मार्ग सगळ्यात बरा. कर्ज संपत आलं असेल तर मात्र एवढं घाबरायचं कारण नाही. याच कर्जाचे शेवटचे 24 हप्ते राहिले असताना तीन महिने थांबलात, तर त्या काळाचं व्याज 15 हजारांच्या आसपासच होतं.

दुसरी नेहमीची चूक म्हणजे आधी हप्ता चुकवायचा, बँकेचे फोन टाळायचे आणि नोटीस आली की धावपळ करायची. खातं नियमित असताना केलेल्या अर्जाला वजन असतं. हप्ता थकल्यावर दंड लागतो, पतनोंदीवर, म्हणजे कर्जफेडीच्या तुमच्या नोंदीवर, डाग पडतो आणि पर्यायही कमी होतात. पुढच्या महिन्यात ओढाताण होणार हे दिसत असेल, तर याच महिन्यात बँकेत जा. पगार थांबल्याचं पत्र किंवा दवाखान्याची कागदपत्रं, जे असेल ते सोबत न्या.

"काळजी करू नका, होऊन जाईल," असं कुणी तोंडी सांगितलं म्हणून हप्ता थांबवू नका. मंजुरी लेखी हवी. त्यात कोणत्या महिन्यापासून कोणत्या महिन्यापर्यंत, व्याजाचं काय आणि पतनोंदीत काय दाखवणार, हे स्पष्ट असावं. मंजुरी मिळाली तरी ऑटो डेबिट, म्हणजे खात्यातून हप्ता परस्पर कापला जाणं, आपोआप बंद होईलच असं नाही. ते चालू राहिलं आणि खात्यात शिल्लक नसली, तर हप्ता परत जातो आणि त्याचा दंड वेगळा बसतो. हप्त्याच्या तारखेच्या आधी बँकेला विचारून खात्री करा. त्या महिन्याचा खातेउतारा काढा आणि थकबाकीच्या रकान्यात काय दिसतंय ते स्वतः पाहा. चुकून "थकीत" दिसत असेल, तर मंजुरीपत्राची प्रत जोडून लगेच लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या.

हप्ता आधीच चुकला असेल तरी आशा सोडू नका. पुढच्या हप्त्याआधी बँकेला गाठून बोला. अर्ज नाकारला तर कारण लेखी मागा आणि कमी हप्ता, वाढीव मुदत किंवा फक्त व्याज यांपैकी काही जमेल का ते विचारा. तरीही दाद मिळाली नाही, तर वरच्या अधिकाऱ्याकडे आणि मग तक्रार निवारण कक्षाकडे जा. सहकर्जदार आणि जामीनदार यांना अंधारात ठेवू नका, थकबाकीची झळ त्यांनाही बसते. क्रेडिट कार्डावर पैसे उचलून घराचा हप्ता भरणं तर नकोच. त्याचं व्याज गृहकर्जाच्या कितीतरी पट असतं. आणि "फी द्या, हप्ता थांबवून देतो" म्हणणाऱ्या एजंटाला एक पैसाही देऊ नका. हा अर्ज तुम्ही स्वतः करू शकता.

मिळकत पूर्ववत होईल अशी खात्री नसेल, तर हप्ता पुढे ढकलून काही साधत नाही, नुसतं कर्ज फुगतं. तेव्हा कर्जाची पुनर्रचना, म्हणजे हप्ता आणि मुदत नव्याने ठरवून, मागा, किंवा बँकेने ताबा घेण्याआधी घर स्वतः विकायचा विचार करा. स्वतः विकताना भावाची घासाघीस करायला वेळ मिळतो. जप्तीनंतरच्या लिलावात तो मिळत नाही.