प्राइमवरचे फुकट गेम लाँचरशिवाय कसे ठेवायचे

नेट गेलं की लाँचर (गेम उतरवून चालू करणारं ॲप) लॉगिन मागत बसतो आणि फुकट घेतलेला गेम उघडतच नाही, हे माझं दोनदा झालं. मग हे लक्षात आलं.

१. अमेझॉन प्राइमसोबत मिळणारे गेम क्लेम करताना खाली कुठला प्लॅटफॉर्म लिहिलाय ते बघा. जीओजी (गेम विकणारी साइट) असेल तर आधी तोच घ्या, कारण तिथल्या गेमला डीआरएम, म्हणजे कॉपी रोखणारं कुलूप, नसतं.

२. कोड मिळाला की लगेच जीओजीच्या साइटवर रिडीम करा, मेलमध्ये ठेवून देऊ नका, कोडला मुदत असते.

३. जीओजीच्या लायब्ररीत गेमवर क्लिक करून ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवा. मोठ्या गेमला एक ईएक्सई (डबलक्लिक केल्यावर चालणारी फाइल) आणि सोबत दोनचार बिन फाइली असतात, त्या सगळ्या एकाच फोल्डरात ठेवा, एक जरी राहिली तरी इन्स्टॉल अडकतं (मी एक विसरलो होतो, परत उतरवण्यात नेटचा सगळा डेटा गेला). मग फोल्डर बाहेरच्या हार्डडिस्कवर टाका, झालं.

४. गेम एपिकवरचा (हेही गेमचं ऑनलाइन दुकान, त्याचा स्वतःचा लाँचर आहे) असेल तर तो लाँचरशिवाय चालतो का याची टेस्ट सोपी आहे, लाँचर खालच्या ट्रेमधून पूर्ण बंद करा, वायफाय बंद करा आणि गेमच्या फोल्डरातली ईएक्सई थेट डबलक्लिक करा. चालला तर फोल्डर कॉपी करून ठेवता येतो, एपिकवर असे बरेच निघतात. नाही चालला तर सोडून द्या, क्रॅक (कुलूप तोडणाऱ्या फाइली) शोधत फिरू नका, त्यातूनच व्हायरस येतात.

फक्त सेव्ह फाइली बऱ्याचदा डॉक्युमेंट्स नाहीतर ॲपडेटामध्ये असतात, फॉरमॅट मारायच्या आधी त्या वेगळ्या काढून घ्या.