जहाजावर दोन मिनिटांत अंघोळ

मोहिमेवरच्या युद्धनौकेत गोडं पाणी समुद्राच्याच पाण्यापासून तयार होतं. किनाऱ्याजवळ गाळ आणि तेलाने यंत्राच्या जाळ्या तुंबतात, म्हणून तिथे ते बहुधा बंद ठेवतात. तेव्हा टाकीतलं पाणी पुरवायचं तर अंघोळ आटोपशीर हवी.

रबरी चपला घालूनच आत जा. ओल्या लाद्यांवर पायाला बुरशी हमखास लागते. अर्धा मिनिट अंग भिजवा आणि नळ पूर्ण बंद करा. नुसता बारीक केला तर पाणी वाहतच राहतं, सगळे इथेच चुकतात. साबण लावताना एक हात कायम दांडीवर, कारण जहाज कलताना सांगून कलत नाही. काखा, जांघा, बोटांच्या बेचक्या नीट चोळा. मग मिनिटभरात सगळा फेस धुऊन टाका. राहिलेला साबण घामात मिसळला की जांघेत पुरळ उठतं आणि पुढची पहारापाळी नकोशी होते.

बोटांच्या बेचक्या कोरड्या पुसा. ओला टॉवेल लॉकरमध्ये कोंबू नका, एका रात्रीत कुबट वास सुटतो; हवेच्या झोताजवळ घट्ट बांधून वाळवा.