क्लाऊनिंगमधून कॅमेऱ्यासमोर येताय? या चुका टाळा

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या माझ्या क्लाऊनिंगच्या (विदूषकी खेळाच्या) वर्गात दर रविवारी कोणीतरी मोबाइल पुढे करतं, "ताई, ऑडिशन पाठवली, बघा ना." पाठवल्यावर दाखवतात, याचं मला वाईट वाटतं. आणि चूक तीच असते : प्रसंगात प्रतिक्रिया द्यायची वेळ आली की नजर थेट लेन्समध्ये.

मीही हे केलंय. शाळांत आणि इस्पितळांत लाल नाक लावून बारा वर्षं खेळ केल्यावर मालिकेत छोटं काम मिळालं. औषधाच्या दुकानात बिलाचा आकडा ऐकून थबकणारी बाई. आकडा ऐकला, श्वास अडकला आणि मान आपोआप प्रेक्षकांकडे वळली. काही घडलं की आधी प्रेक्षकाशी नजर मिळवायची, ही क्लाऊनची मूळ सवय. पण तिथे लेन्स होती. सहा टेक गेले. "कमी करा," असं सांगण्यात आलं. मी चेहराच मिटून टाकला आणि सातवा टेक पास झाला. आईने भाग बघितला आणि म्हणाली, "तू यात दिसलीसच नाहीस गं."

म्हणून मी "कमी कर" असं कोणालाही सांगत नाही. प्रेक्षकाची जागा बदला. जी नजर तिसऱ्या रांगेला देत होता, ती आता औषधवाल्याला द्या. मी मोबाइल भिंतीजवळ स्टँडवर लावते आणि लेन्सपासून वीतभर बाजूला, डोळ्यांच्या उंचीवर, भिंतीला एक टिकली चिकटवते. ती टिकली म्हणजे औषधवाला. आकडा ऐकायचा, टिकलीकडे बघायचं आणि तो काय म्हणतो याची खरोखर वाट बघायची. आठवडाभर रोज केलं की मान वळायची थांबते.

"पण चॅप्लिन बघायचा की लेन्समध्ये!" हे हमखास ऐकू येतं. १९१४च्या 'किड ऑटो रेसेस' या मूकपटात तो सारखा कॅमेऱ्यासमोर येत राहतो, कारण तिथे कॅमेरा हेच गोष्टीतलं एक पात्र आहे. शिवाय तेव्हा तो चोवीस वर्षांचा होता आणि लहानपणापासून रंगमंचावर राबलेला होता. तीन दिवसांची कार्यशाळा करून मुंबईचं तिकीट काढणाऱ्यांनी त्याचं नाव घेऊ नये.

दुसरी चूक, प्रत्येक टेकला नवं काहीतरी. खेळात ती ताकद असते, शूटिंगमध्ये त्यामुळे टेक एकमेकांना जुळत नाहीत आणि एडिटिंग अडतं. वाइड शॉटला, म्हणजे दुरून घेतलेल्या शॉटला, "किती?" म्हणताना पिशवी डाव्या हातात घेतली असेल, तर क्लोजअपलाही त्याच शब्दावर घ्यायची. मी संवादाच्या त्या शब्दाखाली पेन्सिलने "पिशवी" लिहून ठेवते. हात ठरले की डोळे दर वेळी नवे राहू शकतात.

आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकू नका. छातीवर हात मारू नका, माइक तिथेच लपवलेला असतो. ऑडिशन शूट करताना समोरच्याचे संवाद वाचणाऱ्याला कॅमेऱ्याला खेटून उभं करा आणि हळू आवाजात वाचायला सांगा. मोबाइल आडवा धरा, हे अजून सांगावं लागतं!

आणि पाठवण्याआधी क्लिप एकदा आवाज बंद करून बघा. तुम्ही कोणाशी बोलताय हे नुसत्या डोळ्यांवरून कळत नसेल, तर टिकली पुन्हा लावा आणि परत शूट करा.