घुमट-शामेळावर मूक वेस्टर्न कशी लावायची

गोव्यात चवथीला (गणेश चतुर्थीला) आरत्यांसाठी घुमट-शामेळ, म्हणजे हाताने वाजवायचा मातीचा घुमट आणि काठ्यांनी वाजवायचं शामेळ, बाहेर काढलेलं असतंच ना, ते परत माळ्यावर जायच्या आधी एक रात्र जुन्या मूक वेस्टर्न, म्हणजे अमेरिकेतल्या घोडेस्वार-दरोडेखोरांच्या, शॉर्ट फिल्म्सना द्या. आम्ही फोंड्याकडे घरच्या पडवीत केलं, भिंतीला पांढरी चादर आणि मित्राचा प्रोजेक्टर, झालं.

पहिली लावा 'द ग्रेट ट्रेन रॉबरी', 1903 ची, एडिसन कंपनीसाठी एडविन पोर्टरने केलेली, 12 एक मिनिटांची. मधे वाचायच्या पाट्याच नाहीत, त्यामुळे आजीपासून पोरांपर्यंत सगळ्यांना कळते. वेस्टर्न म्हणतो आपण पण शूटिंग अमेरिकेच्या पूर्वेचं, न्यू जर्सीकडचं, आणि तेव्हाच्या लोकांनी ती दरोड्याची नि पाठलागाची फिल्म म्हणूनच बघितली, वेस्टर्नचा साचा नंतर पक्का झाला. दरोडेखोर सरळ आपल्याकडे बघून गोळ्या झाडतो तो शॉट सुरुवातीला लावा नाहीतर शेवटी, अशी मुभा एडिसनच्या कॅटलॉगनेच दिली होती. आम्ही दोन्ही करून बघितलं, मला शेवटीच आवडला.

स्पीड मात्र आधी तपासा, हे सगळ्यात महत्त्वाचं. कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण 16-18 फ्रेम, आणि तीच फिल्म 24 ने पळवली की माणसं तुरुतुरु धावतात, मग सगळे हसतात आणि दरोड्याची भीतीच जाते. माणसाची चाल बघा, घाईची वाटली तर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेयरमध्ये स्पीड 0.75 वर आणा.

वाजवणाऱ्यांना फिल्म आधी एकदा दाखवा. घोडे दौडले की शामेळावर काठ्या, गोळीला घुमटाची एकच थाप, आणि तार ऑफिसातल्या माणसाला बांधतात तिथे पूर्ण गप्प. सलग आरतीचा ठेका धरू नका प्लीज, कान थकतात.

नंतर 1910 ची 'व्हाइट फॉन्स डिव्होशन', जेम्स यंग डियरची, यात दरोडा नाहीच, गैरसमजातून फुटणारं घर आणि मग पाठलाग, म्हणजे वेस्टर्नमध्ये घरगुती नाटक घालून बघितलंय. शेवटी दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथची 1912 ची 'द गर्ल अँड हर ट्रस्ट', त्यात तारवाली मुलगी कुलपाच्या भोकात काडतूस घालून हातोडीने उडवते! पुढे चोर हाताने चालवायच्या रेल्वे ट्रॉलीवरून रुळांवर पळतात, मागे इंजिन, आणि कॅमेरा बाजूने धावतोय, तिथे घुमट, शामेळ, कासाळं (झांजा) सगळं एकदम सोडा.