गोगोच्या चुनखडकातून चिलखती मासा मोकळा करताना

पश्चिम ऑस्ट्रेलियातील किंबर्ली भागात, फिट्झरॉय क्रॉसिंग गावाजवळ, गोगो येथील चुनखडकाच्या गोळ्यांमध्ये सुमारे ३८ कोटी वर्षांपूर्वीचे प्लॅकोडर्म, म्हणजे डोके व छाती हाडांच्या पत्र्यांनी झाकलेले मासे, जराही चेपले न जाता टिकून राहिले आहेत. त्यांना दगडातून काढण्यासाठी छिन्नीपेक्षा सौम्य अ‍ॅसिटिक आम्ल चांगले, कारण ते चुनखडक विरघळवते, पण कॅल्शियम फॉस्फेटच्या हाडाला त्या मानाने फारच कमी इजा करते.

गोळा हातोडीने बेताने फोडावा आणि हाडाची कड दिसताच थांबावे. यानंतर थेट आम्लाकडे वळण्याची घाई मला मुळीच मान्य नाही. गोगोच्या काही माशांमध्ये स्नायूंचे, तर २०२२ मध्ये वर्णन झालेल्या नमुन्यांत हृदय व यकृताचेही अवशेष सापडले आहेत. असे नाजूक अवशेष आम्लात नष्ट होऊ शकतात, म्हणून आधी सीटी स्कॅन करून घ्यावे.

मग उघड्या हाडावर अ‍ॅसिटोनमध्ये विरघळवलेल्या अ‍ॅक्रिलिक राळेचा पातळ थर द्यावा आणि तो वाळल्यावर गोळा दहा टक्क्यांहून कमी तीव्रतेच्या आम्लात ठेवावा. आम्ल नेहमी पाण्यात ओतावे, आम्लात पाणी कधीही ओतू नये. खोलीत हवा खेळती असावी, हातमोजे व चष्मा घातलेला असावा. बुडबुडे उठू लागले की दगड विरघळतो आहे असे समजावे.

खरा कस धुण्यात लागतो. आम्लातून काढलेला नमुना पाणी बदलत बदलत, आम्लात ठेवला होता त्याच्या निदान तिप्पट वेळ धुवावा, कारण चुनखडक आम्लात विरघळताना तयार होणारे कॅल्शियम अ‍ॅसिटेट हे मीठ हाडात उरले, तर वाळताना त्याचे स्फटिक वाढतात आणि हाड आतून फुटते. वाळल्यावर नव्याने उघड्या पडलेल्या हाडाला पुन्हा राळ लावावी आणि हाच क्रम दगड संपेपर्यंत चालू ठेवावा.

प्रत्येक फेरीनंतर नमुना भिंगाखाली बारकाईने पाहावा. २००८ मध्ये जगासमोर आलेल्या मॅटरपिसिस या माशाच्या पोटातील गर्भ व त्याची नाळ अशाच आम्लस्नानानंतर उघडी पडली. त्यामुळे एवढ्या जुन्या काळातही काही मासे पिल्लांना जन्म देत होते, हे कळले. टबाच्या तळाशी उरलेला गाळही फेकू नये. तो बारीक चाळणीतून धुऊन घ्यावा आणि सुटलेले पत्रे व खवले त्याच नमुन्याचा क्रमांक घालून वेगळ्या डबीत ठेवावेत.