टोकियोत सुमोचा सराव फुकटात बघायचा असेल तर

टोकियोला जाणार असाल आणि सुमोची टुर्नामेंट नेमकी तेव्हा नसेल तर हिरमुसू नका, पहिलवानांचा सकाळचा सराव बघता येतो आणि माझ्या मते तोच जास्त भारी. निहोनबाशी हामाचो भागात अराशिओ-बेया म्हणून तालीम आहे, तिच्या रस्त्याकडच्या मोठ्या खिडकीतून बाहेर उभं राहून फुकट बघायचं, साधारण साडेसात ते दहा. हामाचो स्टेशनवरून चालत जाता येतं. घामेजलेल्या पाठीला चिकटलेली माती पण दिसते एवढं जवळून. फक्त काचेवर टकटक नाही, फ्लॅश नाही आणि फुटपाथ अडवायचा नाही. दुसऱ्या कुठल्या तालमीत आत बसायचं असेल तर सहसा आधी बुकिंग लागतं, मग मांडी घालून गप्प बसा, पाय आखाड्याकडे पसरायचे नाहीत, मधेच उठायचं नाही, गुडघे दुखत असतील तर त्या भानगडीत पडूच नका. मार्च, जुलै, नोव्हेंबरच्या स्पर्धा ओसाका, नागोया, फुकुओकाला असतात, तेव्हा सगळे तिकडे, आणि स्पर्धा संपली की सुट्टी, म्हणून आदल्या दिवशी तालमीच्या वेबसाइटवर चेक करूनच निघा.